दुसऱ्याच्या कर्जाला जामीन राहिलात म्हणून ग्रॅच्युइटी अडवली, तर काय करायचं

पतसंस्थेच्या लेटरहेडवर आलेलं पत्र म्हणजे कोर्टाचा हुकूम नव्हे. हे वाक्य प्रत्येक शाळेच्या ऑफिसात टेबलाच्या काचेखाली ठेवलं असतं, तर कितीतरी पेन्शन प्रकरणं अडलीच नसती. मी सांगली जिल्ह्यातल्या एका अनुदानित हायस्कूलमध्ये वरिष्ठ लिपिक होते. सेवापुस्तकं, पगारबिलं, पेन्शन केसेस, सगळं माझ्या टेबलावरून जायचं. आता मी स्वतःच पेन्शनर आहे, तरी ओळखीची माणसं कापडी पिशवीत फायली घेऊन घरी येतात आणि पहिलं वाक्य बहुतेकांचं एकच असतं: "बाई, मी फक्त सही केली होती हो."

तर आधी त्या सहीबद्दल. जामीनदाराची सही "फक्त" नसते. भारतीय करार कायद्याचं कलम १२८ सांगतं की कर्जदाराची जेवढी जबाबदारी तेवढीच जामीनदाराची. आधी कर्जदाराकडे जा, त्याचं घर विका, मग माझ्याकडे या, असं जामीनदाराला म्हणता येत नाही. संस्थेनं कर्जदारावर कारवाई करायला उशीर केला एवढ्यानंही तुम्ही सुटत नाही. त्यामुळे "मी एक रुपया खाल्ला नाही, मी का भरू" हा राग कितीही खरा असला, तरी अर्जात लिहू नका. त्याचा उपयोग शून्य.

पण देणं लागणं ही एक गोष्ट, आणि ते कुठून वसूल करायचं ही दुसरी. संस्था तुमच्या पगारातून घेऊ शकते, घरावर-जमिनीवर येऊ शकते, तुमच्या ठेवींवर येऊ शकते. ग्रॅच्युइटी, प्रॉव्हिडंट फंड आणि पेन्शन या तीन खणांना मात्र कायद्यानं कुलूप घातलंय, आणि त्याची किल्ली पतसंस्थेकडे नाही, मुख्याध्यापकांकडे नाही, मॅनेजरकडेही नाही. सगळी लढाई एवढ्यापुरतीच आहे. कर्जाची फाईल वेगळी, निवृत्तीची फाईल वेगळी. ऑफिस दोन्ही एकाच दोरीत बांधतं, तुम्ही ती गाठ सोडवायची.

कुलूप कुठे लिहिलंय

अर्जात कलम लिहिलं की टेबलावरचा माणूस जरा सरळ बसतो, म्हणून ही कलमं वहीत उतरवून घ्या.

दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ६०: निवृत्तांना मिळणारं पेन्शन आणि ग्रॅच्युइटी डिक्रीच्या, म्हणजे दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या, वसुलीतसुद्धा जप्त करता येत नाही. सरकार, स्थानिक संस्था किंवा "इतर कोणताही मालक", असे शब्द तिथे आहेत, म्हणजे खासगी नोकरीही आली. सक्तीचा भविष्य निर्वाह निधीही त्याच कलमात. पेन्शन कायदा, १८७१, हो, अठराशे एकाहत्तरच: कलम ११ नुसार सावकाराच्या मागणीवरून सरकारी पेन्शन जप्त होत नाही, आणि कलम १२ नुसार अजून हातात न आलेल्या पेन्शनबद्दल आधी लिहून दिलेले करारमदार रद्दबातल. पीएफसाठी १९५२ च्या कायद्याचं कलम १०. ग्रॅच्युइटी कायदा, १९७२ (तो आता नव्या संहितेत गेलाय, ते पुढे सांगते) याचं कलम १३ तर सरळच म्हणतं की दिवाणी, महसुली किंवा फौजदारी कोणत्याही कोर्टाच्या हुकमानं ग्रॅच्युइटी जप्त होणार नाही. कोर्टाला जे करता येत नाही ते पतसंस्थेचा सचिव एका पत्रावर करायला बघतो, गंमतच आहे.

सुप्रीम कोर्टाचे दोन निकाल माहीत असू द्या. झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव, २०१३: पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही बक्षिशी नाही, घटनेच्या अनुच्छेद ३००-अ खालची मालमत्ता आहे, आणि कायद्याचा आधार असल्याशिवाय ती अडवता येत नाही. राधेश्याम गुप्ता विरुद्ध पंजाब नॅशनल बँक, २००८: पेन्शन-ग्रॅच्युइटीचे पैसे हातात आल्यावर बँकेत मुदत ठेव म्हणून ठेवले, तरी त्यांचं संरक्षण जात नाही.

एक बाजू कच्ची आहे, तीही सांगते. रजा रोखीकरण, म्हणजे शिल्लक रजेचे पैसे, या यादीत स्पष्ट शब्दांत नाही. ते कोणी नियमाशिवाय अडवू नये हे खरं, पण जप्तीपासून ग्रॅच्युइटीइतकं भक्कम संरक्षण त्याला आहे असं गृहीत धरू नका.

ना-देय दाखल्याचा घोळ

माणूस निवृत्त व्हायला आला की ऑफिस त्याच्याकडून ना-देय दाखले, म्हणजे काही देणं बाकी नसल्याचे दाखले, मागतं. ग्रंथालयाचा, प्रयोगशाळेचा, शासकीय अग्रिमांचा. हे योग्यच आहे. पण या गठ्ठ्यात केव्हातरी पतसंस्थेचा ना-देय दाखलाही घुसला, आणि वर्षानुवर्षं तसंच चालत आलं म्हणून तो नियमच आहे असं सगळ्यांना वाटायला लागलं.

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ काढून बघा. नियम १३२ शासकीय येण्यांबद्दल आहे: घरबांधणी अग्रिम, जादा दिलेलं वेतन, शासकीय निवासस्थानाचं भाडं अशी येणी उपदानातून, म्हणजे ग्रॅच्युइटीतून, वळती करता येतात. नियम १३० नुसार विभागीय चौकशी किंवा न्यायालयीन कार्यवाही चालू असेल तर उपदान थांबतं. नियम २७ गैरवर्तनाबद्दल. या तिन्हीत "दुसऱ्या कोणाच्या कर्जाला जामीन" असं कुठेच नाही. पगारदार नोकरांची पतसंस्था ही सहकारी संस्था आहे, शासन नव्हे. तिचं येणं म्हणजे शासकीय येणं नव्हे.

आमच्या भागातल्या एका चित्रकला शिक्षकांचं प्रकरण यातच अडकलं होतं. सरांनी दुसऱ्या शाळेतल्या सहकाऱ्याच्या ७ लाखांच्या कर्जाला सही दिलेली. तो गृहस्थ नोकरी सोडून गेला, हप्ते थांबले. सर ५८ पूर्ण होऊन महिनाअखेरीस निवृत्त झाले आणि त्याच आठवड्यात शाळेत पत्र आलं: "सदर सभासद आमचेकडील थकीत कर्जास जामीनदार असल्याने त्यांना ना-देय दाखला देता येत नाही. तरी त्यांचे कोणतेही लाभ अदा करू नयेत." मुख्याध्यापकांनी पत्रावर लाल पेननं "नोंद घ्यावी" एवढंच लिहिलं आणि फाईल कपाटावर गेली. कोणी आदेश काढला नाही, कोणी नियम लिहिला नाही. त्या दोन शब्दांवर एका माणसाची आयुष्यभराची कमाई बसून राहिली.

पहिलं काम: आलेला कागद कोणता ते ओळखा

ऑफिसात जाऊन आवाज चढवण्याआधी संस्थेकडून नेमकं काय आलंय त्याची प्रत मिळवा.

बहुतेक वेळा ते साधं विनंतीपत्र असतं. त्याला कायद्याचं बळ नाही.

काही वेळा कलम ४९ चा हवाला असतो. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या या कलमाखाली सभासद करार करून देतो की मालकानं आपल्या पगारातून संस्थेचे हप्ते कापावेत, आणि असा करार असेल तर मालकाला कापावेच लागतात. म्हणूनच नोकरीत असताना जामीनदाराच्या पगारातून कपात सुरू झाली की ती थांबवणं जड जातं. पण कलमातले शब्द "वेतन किंवा मजुरी" असे आहेत. निवृत्तीच्या दिवशी पगार संपला, त्याबरोबर कपातीचा आधारही संपला. ग्रॅच्युइटी म्हणजे पगार नव्हे.

तिसरा कागद जड असतो: त्याच अधिनियमाच्या कलम १०१ चा वसुली दाखला. हा सहकार खात्याच्या निबंधकाकडून मिळतो, त्याच्या आधी नोटीस आणि सुनावणी असते, आणि नंतर वसुली अधिकारी नियम १०७ खाली जप्ती-विक्री करू शकतो. या दाखल्याला हसण्यावारी नेऊ नका. तो खरा आहे, आणि तुमच्या घरादारापर्यंत पोचू शकतो. पण त्याच्या बळावरही वर सांगितलेली कुलपं उघडत नाहीत. १०१ ची नोटीस आली तर सुनावणीला जायचंच. "माझा काय संबंध" म्हणून घरी बसलेल्यांविरुद्ध एकतर्फी दाखले होतात, आणि मग कलम १५४ खाली फेरतपासणी मागायची तर आधी निम्मी रक्कम भरावी लागते.

सुनावणीला जाताना संस्थेकडून कर्जखात्याचा उतारा घ्या. सभासदाला आपल्या व्यवहाराच्या नोंदी बघायचा आणि नकला मागायचा हक्क कलम ३२ देतं. उताऱ्यात एकच गोष्ट डोळ्यांत तेल घालून बघा: कर्ज मधे कुठे "नवं-जुनं" केलंय का? म्हणजे जुनी थकबाकी मिटवून त्याच दिवशी वाढीव रकमेचं नवीन कर्ज. आमच्या एका शिपाईमामांच्या बाबतीत २०१६ ला ते ज्या कर्जाला जामीन होते, ते २०१९ ला नवं-जुनं झालं होतं आणि नव्या कर्जरोख्यावर भलत्याच दोघांच्या सह्या. जुनं कर्ज निरंक झालेलं. मामांचं नाव फक्त रजिस्टरात राहून गेलेलं! करार कायद्याचं कलम १३३ पण लक्षात ठेवा: जामीनदाराला न विचारता कर्जाच्या अटी बदलल्या, तर त्यानंतरच्या व्यवहारातून तो मोकळा होतो.

अर्ज असा लिहा

तोंडी विनवण्या बंद करा. चित्रकलेच्या सरांना मी जो मसुदा दिला तोच इथे देते. एका पानाच्या वर जाऊ नका. मुलीचं लग्न, आजारपण, कर्जदाराचं वागणं, यातलं काही नको.

"विषय : सेवानिवृत्ती उपदान अदा करणेबाबत.

महोदय, मी दि. … रोजी नियत वयोमानानुसार सेवानिवृत्त झालो आहे. माझे उपदान अद्याप अदा झालेले नाही. पतसंस्थेच्या दि. … च्या पत्रावरून ते रोखण्यात आल्याचे तोंडी समजले. सदर रक्कम ही निवृत्तिवेतन नियम, १९८२ मधील नियम १३२ खालील शासकीय येणे नाही. माझ्याविरुद्ध कोणतीही विभागीय चौकशी वा न्यायालयीन कार्यवाही प्रलंबित नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० अन्वये उपदान जप्तीपासून मुक्त आहे. तरी उपदान कोणत्या नियमान्वये व कोणत्या सक्षम अधिकाऱ्याच्या आदेशाने रोखले आहे ते मला लेखी कळवावे. तसा आदेश नसल्यास ते विलंबाच्या व्याजासह त्वरित अदा व्हावे. पतसंस्थेच्या येण्याबाबत संस्थेशी मी स्वतंत्रपणे व्यवहार करीन. त्यासाठी माझ्या निवृत्तिलाभातून कोणतीही कपात करण्यास माझी संमती नाही."

शेवटची ओळ गाळू नका. सगळ्यात महत्त्वाची तीच.

दोन प्रती न्या. एकीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्या. "ठेवून जा, घालतो नंतर आवकला" असं म्हटलं तर तिथेच बाकड्यावर बसा. मी त्या खुर्चीत बसलेली बाई आहे, म्हणून सांगते: आवक क्रमांक पडलेला कागद कुठेतरी जाऊन उत्तर मागतो, न पडलेला कागद कपाटात जातो. एक प्रत शिक्षणाधिकारी (माध्यमिक) कार्यालयाला स्पीड पोस्टानं पाठवा. जिल्हा परिषदेत असाल तर गटविकास अधिकारी किंवा गटशिक्षणाधिकारी आणि मुख्य लेखा व वित्त अधिकारी.

महिनाभरात उत्तर नाही आलं तर माहितीचा अधिकार. जोडपत्र 'अ', दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, आणि दोनच प्रश्न: माझे उपदान रोखल्याच्या आदेशाची प्रत द्या; माझ्या प्रकरणावरील टिपणीच्या प्रती द्या. सरांच्या प्रकरणात टिपणीत ते "नोंद घ्यावी" सोडून काहीच नव्हतं, आणि तीच प्रत पुढे सगळ्यात कामाला आली. पतसंस्थेला थेट माहिती अधिकार लागू होत नाही, सुप्रीम कोर्टानं २०१३ मध्येच थळप्पलम बँकेच्या खटल्यात सांगितलंय. तिथली कागदपत्रं सहायक निबंधकांच्या कार्यालयामार्फत मागा.

एवढ्यावर बरीच प्रकरणं हलतात, कारण "मी अडवलं" असं स्वतःच्या सहीनं लिहून द्यायला कोणी तयार नसतं. नाही हललं तर राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांना महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण म्हणजे मॅट आहे. जिल्हा परिषद आणि अनुदानित शाळावाल्यांना हायकोर्टात रिट याचिका. आमच्या सांगली, सातारा, कोल्हापूर, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या लोकांना त्यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच चालू झालंय. निवृत्त बाईंना एक सांगायचं राहिलं: जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून स्त्रियांना मोफत वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही. संकोच करू नका.

कारखान्यात किंवा कंपनीत असाल तर

रस्ता वेगळा, आणि खरं तर जास्त सोपा. माझे भाचेजावई एमआयडीसीतल्या एका फाउंड्रीत मोल्डर होते. २६ वर्षं नोकरी, शेवटचा मूळ पगार अधिक महागाई भत्ता ३१,२००. हिशेब असा: ३१,२०० ला १५ नं गुणा, २६ नं भागा, येतात १८,०००, त्याला २६ वर्षांनी गुणा, ४,६८,०००. कामगार पतसंस्थेच्या एका थकीत कर्जाला ते जामीन होते, म्हणून टाइम ऑफिसनं सांगितलं की "पतसंस्था आपलीच आहे, तिकडचं मिटवून या, मग बघू."

ग्रॅच्युइटी कायद्यात "मग बघू" नाही. देय झाल्यापासून ३० दिवसांत पैसे द्यायचे, नाहीतर व्याज, आणि ते व्याज अधिसूचनेप्रमाणे द.सा.द.शे. १० टक्के सरळव्याज. म्हणजे त्यांच्या रकमेवर वर्षाचे ४६,८०० रुपये. ग्रॅच्युइटी कापायची किंवा जप्त करायची मुभा मालकाला कलम ४(६) मध्ये आहे, पण ती कामावरून काढलेल्या माणसाला, आणि तीही मालकाचं नुकसान, दंगा-मारहाण किंवा नोकरीच्या ओघात केलेला नैतिक अधःपतनाचा गुन्हा अशा कारणांनी. शेजारच्या मशीनवरच्या माणसाला सही देणं हा यातला कुठलाच प्रकार नाही. आणि कलम १४ म्हणतं की याच्याविरुद्ध जाणारा कुठलाही करार चालणार नाही, म्हणजे पूर्वी कधी हमीपत्रावर सही केली असेल तरी घाबरू नका.

आधी नमुना 'आय' मध्ये मालकाकडे अर्ज. मालकानं नकार दिला, कमी दिले किंवा गप्प बसला, तर नमुना 'एन' मध्ये नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे, ९० दिवसांच्या आत. उशिराला योग्य कारण असेल तर माफी मिळते. महाराष्ट्रात राज्याच्या अखत्यारीतल्या आस्थापनांसाठी हे काम लेबर कोर्टाकडे आहे. बँका, रेल्वे असल्या केंद्राच्या अखत्यारीत असाल तर सहायक कामगार आयुक्त (केंद्रीय). मालकाला अपील करायचं असेल तर आधी ग्रॅच्युइटीची रक्कम जमा करावी लागते, आणि ही अट कळली की पुष्कळ मालकांचा उत्साह मावळतो. भाचेजावयांच्या मालकांनी तारखेआधीच चेक काढला, व्याजासह.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून हा कायदा सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० मध्ये सामावला गेलाय. ३० दिवसांची मुदत तिथेही आहे, पण कलमांचे आकडे वेगळे. त्या तारखेनंतर निवृत्त झाला असाल तर लेबर कोर्टाच्या ऑफिसात चालू नमुना विचारून मगच अर्ज भरा.

पीएफसाठी कंपनीच्या मागे फिरायचंच कारण नाही. यूएएनला, म्हणजे तुमच्या पीएफ क्रमांकाला, आधार आणि बँक खातं जोडलेलं असेल तर फॉर्म १९ आणि पेन्शनचा १०-डी ऑनलाइन भरा.

दोन सापळे

पहिला: संमतीपत्र. अडवून अडवून माणूस मेटाकुटीला आला की संस्थेचा वसुली क्लार्क गोड बोलतो. "सर, एवढ्यावर सही करा, उद्या ना-देय देतो, उरलेले पैसे तुमच्या खात्यावर." तो कागद म्हणजे उपदानातून परस्पर कपातीची संमती. जे कायद्यानं मिळत नाही ते तुमच्याच सहीनं मिळवायचं, एवढाच डाव. पैसे भरायचेच असतील तर आधी पूर्ण ग्रॅच्युइटी स्वतःच्या खात्यावर येऊ द्या, मग स्वतःच्या चेकनं भरा.

दुसरा सापळा जास्त चलाख आहे. निवृत्तांना पतसंस्था अर्धा टक्का जादा व्याज देते, चेअरमन घरी शाल-नारळ घेऊन येतात, आणि माणूस ग्रॅच्युइटीची ठेव त्याच संस्थेत ठेवतो. सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ४६ नुसार सभासदाच्या शेअर्सवर, ठेवींवर, लाभांशावर संस्थेचा बोजा असतो आणि येणं त्यातून वळतं करून घेता येतं. मग तुम्ही राधेश्याम गुप्तांचा निकाल दाखवत बसा आणि संस्था कलम ४६ दाखवत बसेल. जिथे तुम्ही जामीन आहात, मग ती पतसंस्था असो की बँक, तिथे निवृत्तीचा पैसा ठेवू नका. पेन्शनचं खातंही दुसऱ्या बँकेत असू द्या, आणि त्यात भाड्याचे, शेतीचे पैसे मिसळू नका. नुसत्या पेन्शनचं खातं असलं की हे पैसे कुठून आले ते पासबुकच सांगतं.

मग कर्जाचं काय

पैसे हातात आले की पतसंस्थेला टाळू नका. आता तुम्ही मोकळ्या गळ्यानं बोलू शकता. सहजामीनदार कोण आहेत ते बघा. करार कायद्याच्या कलम १४६ नुसार जामीनदारांमध्ये बोजा सारखा वाटला जातो. संस्था मात्र कोणाही एकाकडून सगळं मागू शकते, म्हणून दुसऱ्या जामीनदाराला बरोबर घेऊन संचालक मंडळासमोर जा. दंडव्याज सोडायला लावा, एकरकमी परतफेडीची योजना चालू आहे का विचारा. कर्जदार वारला असेल तर कर्जाचा विमा किंवा मयत सभासदांसाठीचा निधी संस्थेच्या पोटनियमांत आहे का ते वाचा, अनेक पगारदार संस्थांत असतो आणि वसुलीवाले आपणहून सांगत नाहीत.

पैसे भरताना पावती बारकाईनं बघा. पतसंस्थेच्या पावतीवर खातेदार म्हणून कर्जदाराचं नाव पडतं आणि खाली "हस्ते" म्हणून तुमचं. अशी पावती घेऊन घरी आलात तर उद्या कर्जदार कोर्टात म्हणेल, पैसे माझेच होते, यांच्या हाती पाठवले होते. "जामीनदार या नात्याने, स्वतःच्या रकमेतून भरणा" असे शब्द पावतीवर लिहून घ्या, भरणा चेकनंच करा, आणि संस्थेकडून तसं वेगळं पत्रही घ्या.

कारण हे पैसे परत मागायचा तुमचा हक्क शाबूत आहे. करार कायद्याचं कलम १४५: जामीनदारानं रीतसर भरलेली रक्कम कर्जदारानं त्याला द्यायची. कलम १४० आणि १४१: कर्ज फेडलं की संस्थेचे कर्जदारावरचे हक्क आणि तिच्याकडचं तारण तुमच्याकडे येतं, तेव्हा गहाणखत असेल तर मागून घ्या. मुदत तीन वर्षं, तुम्ही भरल्याच्या तारखेपासून; हप्त्यांनी भरलं असेल तर प्रत्येक हप्त्याची तारीख सांभाळा. सहजामीनदाराकडून तुमच्या वाट्यापेक्षा जास्त गेलेलं मागायलाही तीनच वर्षं. चित्रकलेच्या सरांनी वकिलाची नोटीस पाठवली तेव्हा तो सहकारी पुण्यात दुसऱ्या नोकरीला होता. नव्या ऑफिसच्या पत्त्यावर नोटीस गेली, मग मात्र त्याचा फोन आला. सगळे पैसे आलेले नाहीत, पण हप्ते बांधून घेतलेत आणि ते स्टॅम्प पेपरवर आहेत.

कर्ज पूर्ण फिटलं की संस्थेकडून तुमच्या नावानं निरंक दाखला घ्या, कर्जरोख्यावर "रद्द" असा शिक्का मारून त्याची झेरॉक्स मागा. बँकेचं कर्ज असेल तर दोनेक महिन्यांनी सिबिलचा, म्हणजे तुमच्या नावावरच्या कर्जनोंदींचा, अहवाल काढा, वर्षातून एकदा तो फुकट मिळतो, आणि जामीनदार म्हणून तुमच्या नावापुढे ते खातं अजून थकीत दिसत असेल तर तिथेच ऑनलाइन तक्रार नोंदवा.